कनातीबाहेरून ऐकलेला सिनेमा

कर्जत तालुक्यात ज्वारीची सुगी उरकली की टुरिंग टॉकीजचा तंबू यायचा. खिशात पैसे असले तर आम्ही पोरं आत, नसले तर कनातीला पाठ टेकून बाहेर. 'सोंगाड्या' मी आधी ऐकला, मग पाहिला. दादा कोंडके पडद्यावर काय करताहेत ते दिसायचं नाही, पण त्यांच्या नाम्याचं एकेक वाक्य कापडातून आरपार यायचं. आत हशा उसळायचा आणि बाहेर आम्हीही पोट धरून हसायचो. ती वाक्यं वसंत सबनीसांची होती, हे कळायला पुढे कित्येक वर्षं गेली.

आता लेखकाचं नाव, साल, गाव सगळं बोटावर आहे. सबनीस सोलापूरचे, जन्म १९२३चा. सरकारी प्रसिद्धी खात्यातली नोकरी सांभाळून लिहिणारा माणूस. १९६५ साली त्यांचं 'विच्छा माझी पुरी करा' हे लोकनाट्य आलं, तमाशातली बतावणी शहरातल्या नाट्यगृहात जाऊन बसली. १९७१ला 'सोंगाड्या', १९८८ला 'अशी ही बनवाबनवी'. बनवाबनवीचे तुकडे आज फोनवर रोज फिरतात. त्यातला धनंजय माने साऱ्यांना ठाऊक आहे. त्याच्या तोंडी शब्द घालणारा आजही फार थोड्यांना.

तंबूतलं सुख मोठं होतं असं म्हणायला जीभ रेटत नाही. कर्णा घरघरायचा, रीळ तुटायचं, विंचवाची भीती असायची. बायकांची बाजू दोर बांधून वेगळी. आई दिवसभर खुरपून यायची, मांडीवरचं पोर रडलं की उठून बाहेर जायची. तिने कुठलाच सिनेमा सलग पाहिला नव्हता. 'बनवाबनवी' तिने पहिल्यांदा अख्खा पाहिला तो घरच्या टीव्हीवर, पाय पसरून. त्या दिवशीचं तिचं हसू आठवलं की तंबूचं कौतुक करताना मी थांबतो.

आणि तरीही एक गोष्ट गेली ती गेलीच. दुसऱ्या दिवशी विहिरीवर आत्या अख्खा सिनेमा सांगायची. नाम्या तीच, त्याची आयेही तीच. पदर खोचून, हातातली कळशी खाली ठेवून. आठवेल तिथे सबनीसांचं वाक्य, विसरेल तिथे स्वतःचं. खुद्द दादाही 'विच्छा'च्या प्रयोगात रोज नवी भर घालायचे, आणि ती मावेल एवढी जागा सबनीसांच्या लिखाणात होती. आत्यालाही ती सापडली होती.

आता वाक्य जसंच्या तसं येतं, सगळ्यांकडे एकच. कुणी कुणाला सांगत नाही, पुढे पाठवतात.

रात्री कधी झोप लागत नाही, तेव्हा मी 'सोंगाड्या' लावतो आणि फोन उशाशी पालथा ठेवतो. पडदा नको असतो. नाम्या बोलायला लागतो, आणि पाठीला कनातीचं कापड हलल्यासारखं वाटतं.