रुआबांधा: वसाहतीआधीचे गाव

रुआबांधा ही छत्तीसगडमधील भिलाई पोलाद कारखान्याच्या परिसरातली जुनी वस्ती. हे नाव आज दोन जागांना लागते: कारखान्याच्या क्वार्टर्सचा रुआबांधा सेक्टर आणि त्याच्या शेजारची रुआबांधा बस्ती. कारखान्याची हकिगत सर्वांना ठाऊक आहे. 1955 मध्ये सोव्हिएत संघाशी करार झाला, 4 फेब्रुवारी 1959 रोजी राष्ट्रपती राजेंद्र प्रसाद यांच्या हस्ते पहिली झोतभट्टी सुरू झाली. खनिज राजहऱ्याचे, चुनखडक नंदिनीचा. या उभारणीसाठी नव्वदच्या आसपास गावांची जमीन, कुठे पूर्ण तर कुठे काही भाग, संपादित झाली. हा भाग फारसा कुणी सांगत नाही.

या मुलखातले गाव म्हणजे नुसती घरे आणि शेते नव्हेत. तळ्याकाठी कडुनिंबाखाली शीतला माता, गुरे जमतात तिथे साहडा देव, दिवाळीत गौरा-गौरीचे लग्न लागते तो गौरा-चौरा, सतनामी वस्तीत पांढऱ्या ध्वजाचा जैतखाम, अशा जागांनी गावाची हद्द आणि वर्षाचा क्रम ठरतो. त्यांत ठाकूरदेवाचे ठाणे शेतीच्या दृष्टीने मुख्य. अक्ती म्हणजे अक्षय तृतीया. त्या दिवशी प्रत्येक घरातून पळसाच्या द्रोणात धान येते. बैगा, म्हणजे गावाचा पुजारी, सगळे धान एकत्र करतो, ठाण्यापुढची जमीन उकरून मूठभर पेरतो, पाणी शिंपतो. उरलेले धान द्रोणाद्रोणाने घरी परत जाते आणि बियाण्यात मिसळले जाते. त्यामुळे प्रत्येकाच्या शेतात शेजाऱ्याचा दाणा रुजतो. हा विधी जमिनीशी इतका बांधलेला आहे की जमीन गेल्यावर त्याचे काय करायचे, याचे उत्तर कुठल्याही कार्यालयाकडे नव्हते.

संपादन झाले ते 1894 च्या कायद्याने. त्याच्या कलम 23 मध्ये भरपाई ठरवताना काय पाहायचे ते दिले होते: जमिनीचा बाजारभाव, उभे पीक, झाडे, घर हलवण्याचा खर्च, शिवाय सक्तीबद्दल बाजारभावाच्या 15 टक्के जादा. मालकाला मिळायचे ते एवढेच. ठाकूरदेवाचा मालक कोणी नव्हता, म्हणून त्याच्यासाठी रकाना नव्हता. तळ्यावरचा हक्क, चराईची वाट, मसणवट्याची जागा, हेही एका माणसाचे नसल्यामुळे हिशेबात बसत नव्हते. 2013 च्या नव्या कायद्याने सामाजिक परिणामांच्या अभ्यासात तळी, गायराने, पूजास्थाने, दफन व दहनाच्या जागा यांचा नावानिशी उल्लेख केला. तो कायदा 1 जानेवारी 2014 पासून लागू झाला. तोवर भिलाईतली पहिली भट्टी पेटून 54 वर्षे उलटली होती. कारखाना उभा राहत होता त्या काळी गावोगाव अफवा होती की भट्टीला माणसांचे बळी लागतात. शिकलेले लोक तिला अडाणीपणा म्हणत. पण ज्यांचे शेत डोळ्यांदेखत गेले, त्यांना ही भीती खोटी वाटण्याचे काही कारण नव्हते.

कारखान्याच्या नोकरीसाठी विदर्भातून आलेल्या मराठी कुटुंबांत प्रस्तुत लेखकाचेही घर होते. एका स्मरणिकेसाठी त्याच्याकडून परिसराचा इतिहास मागवण्यात आला. ठाणी, तळी, अक्ती, सगळे त्यात लिहिले होते. छापून आले तेव्हा तो भाग गाळलेला होता आणि जागी एक वाक्य होते: पूर्वी इथे ओसाड माळ होता. धानाच्या बांधबंदिस्त शेतांना ओसाड म्हटले गेले, आणि ते वाचणाऱ्यांत त्या शेतांच्या मालकांची नातवंडेही होती. विचारल्यावर उत्तर मिळाले की जागा कमी होती. ते वाक्य अजून खुपते.

मराठी वाचकाला हा मुलूख परका नाही. 1854 पर्यंत येथे नागपूरकर भोसल्यांचा अंमल होता. विदर्भात पोळा असतो त्याच अमावस्येला छत्तीसगडात पोरा असतो. मुलांना मातीचे बैल आणि मातीची जाती मिळतात. क्वार्टर्समधल्या मराठी घरांनी हे बैल बस्तीतून आणले, पुजले, आणि तरी शेजारचे गाव जाणून घेतले नाही.

गाव असे जाणून घेण्याचे काम आयर्लंडमध्ये झाले आहे. तिथे 1937 ते 1939 या काळात सुमारे 5,000 प्राथमिक शाळांतील 50,000 मुलांकडून घरच्या म्हाताऱ्यांना विचारून पवित्र विहिरी, शेतांची नावे, सण, उपचार वह्यांत उतरवून घेतले गेले. त्या वह्या आजही जपलेल्या आहेत. भिलाईत शाळांची कमतरता कधीच नव्हती. हे काम सहज झाले असते.

जतन म्हणजे काय, हे मात्र सोपे नाही. एका ठाण्याला टाइल्स आणि पत्र्याचे छत आले तेव्हा प्रस्तुत लेखकाला बरे वाटले होते: आता हे कोणी हटवणार नाही. पुढे तिथल्या अक्तीला बैगाला उकरायला माती उरली नाही, तेव्हा तेच छत नकोसे झाले. बस्तीतली माणसे मात्र छतावर खूश आहेत.

वह्यांचे काम अजून होऊ शकते. ठाकूरदेव आधी कुठे होता, हद्दीची झाडे कोणती, कुठल्या शेताला काय म्हणत, तळे कोणी खणले, एवढे प्रश्न सुरुवातीला पुरतील. हरेली या शेतीच्या सणाला आता राज्यात सार्वजनिक सुट्टी असते. त्या दिवशी मुले घरी असतात, आणि आजी-आजोबाही.