सोपारा ते अर्नाळा : दोन दिवसांची यात्रा

आपल्या नागपूरकरांना समुद्राची ओढ फार. मुंबईस जाणाऱ्या कुटुंबांनी चौपाटीबरोबरच दोन दिवस सोपारा व अर्नाळ्यासाठी राखावेत.

पहिला दिवस सोपाऱ्याचा. नालासोपारा स्थानकाच्या पश्चिमेस प्राचीन शूर्पारक बंदराचे अवशेष आहेत. जैन ग्रंथांतही या नगराचा उल्लेख येतो. १८८२ साली पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी येथील स्तूपाचे उत्खनन केले. त्याच वर्षी सम्राट अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा येथे मिळाला. पूर्वीचे राजे मृगयेसाठी विहारयात्रा करीत. अशोकाने त्याऐवजी धर्मयात्रा आरंभिली आणि श्रमण-ब्राह्मणांचे दर्शन, वृद्धांची भेट व दान यांत आनंद मानला, असे तो लेख सांगतो. वाटाड्याने स्तूप दाखविल्यावर मुलांना हा आशय अवश्य सांगावा.

दुसऱ्या दिवशी विरारमार्गे अर्नाळ्यास जाऊन नावेने बेट गाठावे. तेथील जलदुर्ग १७३७ मध्ये मराठ्यांनी पोर्तुगीजांकडून घेतला. पावसाळा टाळावा आणि सूर्यास्तापूर्वीच्या भोजनाचा डबा सोबत घ्यावा. वाळूत मुलांनी मनसोक्त खेळावे. मात्र ज्यात जीव आहे असा शिंपला उचलू नये. कोणत्याही जीवाला न दुखविता प्रवासाचा आनंद घ्यावा, ही सोपाऱ्याच्या लेखाची शिकवण या किनाऱ्यावर सहज आचरता येते.