आयदर ऑर सर्व्हायव्हर

बँकेतल्या कारकुनाकडून जगाच्या अपेक्षा माफक असतात. संध्याकाळी रोकड जुळावी, पासबुकावर छापलेलं वाचता यावं आणि 'सर्व्हर डाऊन आहे' हे वाक्य त्यानं जरा हसून म्हणावं. स्वयंपाकाच्या बाबतीत तर माझ्या बायकोच्या माझ्याकडून काहीच अपेक्षा नाहीत, आणि त्या मी आजवर तंतोतंत पूर्ण करत आलो आहे. असं असताना २३ नोव्हेंबर २०२३ रोजी, गुरुवारी सकाळी, अस्मादिक अमेरिकेतल्या न्यू जर्सी राज्यात एका परक्या बाईंच्या ओट्यापाशी उभे राहून ३ पौंड रताळी सोलत होते. ३ पौंड म्हणजे १ किलो ३६० ग्रॅम. हिशेबाची सवय जात नाही.

तिथवर मी कसा पोचलो ते सांगायला हवं. आदल्या वर्षी, २०२२ मध्ये, आमचे अण्णा गेले. आई-अण्णांचं बचत खातं आमच्याच शाखेत होतं, जॉइंट, 'आयदर ऑर सर्व्हायव्हर'. म्हणजे दोघांपैकी कुणीही व्यवहार करावा आणि एक गेलं तर मागे राहिलेल्यानं. हे तीन शब्द मी नोकरीत हजारो फॉर्मांवर खूण करून घेतले असतील, पण त्यांचा अर्थ कधी वाचला नव्हता. अण्णांचं नाव कमी करण्याचा अर्ज मीच भरला आणि आईपुढे सहीला ठेवला. तिनं सही केली आणि विचारलं, "झालं?" म्हटलं, "झालं. खातं चालू राहतं गं, फक्त एक नाव कमी होतं."

खातं चालू राहिलं. आईचं जेवण मात्र जवळजवळ बंद झालं. अर्धी पोळी, चमचाभर भाजी, की ताट सरकलं. "भूकच नाही रे" हे एकच वाक्य. शेवटी एडिसनहून ताईनं फर्मान काढलं, "तिला इकडे घेऊन ये." मी साहेबांकडून परदेशी जायची परवानगी मिळवली, साचलेली रजा टाकली आणि ऑक्टोबरात आईला घेऊन विमानात बसलो. ताईनं महिनाभर पुरणपोळीपासून पिझ्झ्यापर्यंत सर्व उपाय केले. आई कौतुकानं बघायची आणि अर्धी पोळी खायची.

नोव्हेंबर उजाडला. अमेरिकेत नोव्हेंबरातला चौथा गुरुवार म्हणजे थँक्सगिव्हिंग. १८६३ साली लिंकननं सगळ्या देशाला एकाच दिवशी देवाचे आभार मानायला सांगितलं आणि १९४१ साली कायद्यानं चौथा गुरुवार पक्का झाला. त्या दिवशी टर्की नावाचा थोराड पक्षी अख्खा भाजतात. भाऊजींच्या ऑफिसातले चौघे जण जेवायला येणार होते. ताईनं सहज फ्रिजवर लावलेलं कालनिर्णय पाहिलं आणि ती खालीच बसली. चौथा गुरुवार २३ तारखेला, आणि कार्तिकी एकादशीही २३ तारखेलाच!

"अरे, आईची कार्तिकी, आणि घरात टर्की!" ताईला नकळत यमक जुळलं, पण दाद देण्याची ती वेळ नव्हती.

तेवढ्यात दुसरं संकट आलं. ताईच्या पलीकडच्या घरात सत्तरीच्या एक बाई राहतात. दरवर्षी थँक्सगिव्हिंगला त्या 'कँडीड याम्स'चा एक ट्रे घेऊन ताईकडे जेवायला येत. त्या वर्षी वसंतात त्यांचे यजमान वारले होते आणि आता घसरून पडल्यानं उजवं मनगट प्लास्टरमध्ये होतं. बाईंनी फोन केला, की यंदा याम्स होणार नाहीत आणि मलाही यावंसं वाटत नाही. ताईनं फोन ठेवला आणि माझ्याकडे पाहिलं. रजेवर असलेला माणूस एवढाच माझा गुन्हा.

"तू जा. त्या सांगतील तसं कर."

"मी? अगं, याम म्हणजे काय हेही मला माहीत नाही!" मोबाईलवर शोधलं तर उत्तर आलं, 'सुरण'. आई म्हणाली, "सुरण खाजरा असतो, चिंच लावून घे. आणि थांब, मीही येते. परक्या बाईच्या घरात तू एकटा कसा जाशील?" मी सत्तेचाळीस वर्षांचा आहे हे तिला आठवून देण्यात अर्थ नव्हता.

निघताना आईनं बरोबर घेतलेली सामग्री: ताईकडची काचेची लांबट ताटली, जिच्यात फक्त ढोकळा होतो, घरच्या तुपाची बरणी, वेलदोडे, जायफळ, आणि पुण्याहून आणलेली सैंधवाची पुडी. वारीला निघाल्यासारखी ती पुढे आणि ताटली धरून मी मागे.

ओट्यावर सुरण नव्हता. लालसर सालीची लांबोडकी रताळी होती. एक कापलं तर आत भडक नारिंगी! आई म्हणाली, "हे रताळ्याच्या पोटी गाजर आलंय." पिशवीवर मात्र 'याम' छापलेलं आणि खाली बारीक अक्षरात 'रताळी'. भानगड अशी, की खरा याम म्हणजे आपल्या कोनफळाच्या जातीचा कंद. पण १९३० च्या दशकात लुइझियानातल्या शेतकऱ्यांनी आपलं नारिंगी रताळं इतरांच्या फिक्या रताळ्यांहून वेगळं दिसावं म्हणून 'याम' नावानं बाजारात आणलं आणि ते नाव चिकटलं. सरकारी नियमानं आता 'याम'च्या जोडीला 'रताळं' असं लिहावंच लागतं. थोडक्यात, खातं टोपणनावानं उघडलं, पण केवायसीत पकडलं गेलं.

बाईंनी एक पिवळं पडलेलं कार्ड पुढे केलं. त्यांच्या सासूबाईंच्या हातचं. मी मोठ्यानं वाचत गेलो आणि आईनं तिथंच ऑडिट सुरू केलं.

"रताळी, ३ पौंड."

"चालतात."

"लोणी."

"तूप घाल."

"ब्राऊन शुगर."

आईनं चिमूट तोंडात टाकली. "गुळाची मावसबहीण आहे. चालेल."

"दोन अंडी."

"पुढे."

"व्हॅनिला." बाटलीवर अल्कोहोल लिहिलेलं होतं. व्हॅनिला बाद. दालचिनीला "ती मसाल्यातली" म्हणून परत डब्यात बसवलं आणि वेलदोडे-जायफळाची नेमणूक झाली. मग आले पेकन. हे चालतात की नाही हे कुठल्या पोथीत असणार? आईनं एक पेकन उलटसुलट पाहिला. "अक्रोडाचा धाकटा भाऊ दिसतोय. घे."

मला राहवलं नाही. म्हटलं, "आई, तू एवढी पारखून घेतेस, पण हे रताळं मूळचं इथलंच, अमेरिका खंडातलं. पोर्तुगीजांच्या जहाजांतून आपल्याकडे आलं. बटाटा पेरूकडचा. मिरची मेक्सिकोची, शेंगदाणा दक्षिण अमेरिकेतला. साबुदाणा ज्या कंदाचा होतो तो ब्राझीलकडचा. राजगिरासुद्धा इकडचाच. आपलं उपासाचं अख्खं ताट अमेरिकन आहे!"

आई क्षणभर थांबली. "आणि वऱ्याचे तांदूळ?"

"ते आपल्याकडचे."

"मग ठीक आहे," ती म्हणाली. "म्हणजे ही माणसं पहिल्यापासून एकादशीच करत होती. नुसती विठोबाची ओळख व्हायची राहिली."

हे मी बाईंना इंग्रजीत सांगितलं. विठोबाचं भाषांतर काही जमलं नाही, पण त्या बऱ्याच दिवसांनी हसल्यासारखं हसल्या.

कार्डावरची शेवटची ओळ होती 'मार्शमेलो'. रताळ्यावर हे पांढरे, मऊ, गोड गोळे ठेवून भाजायची चाल जुनी नाही. १९१७ साली एका मार्शमेलो कंपनीनं आपला माल खपावा म्हणून पाककृतींची पुस्तिका काढली, तीतून ती घरोघर गेली. मी पाकीट उलटं करून वाचलं: जिलेटिन.

"ते काय असतं?"

मी आवाज खाली आणून सांगितलं, की जनावरांच्या कातड्याहाडांपासून करतात. आई "शिव शिव" म्हणून दोन पावलं मागे सरकली. मी बाईंना म्हणालो, "हे यंदा राहू द्या."

बाई काही बोलल्या नाहीत. त्यांचा डावा हात नुसता त्या पाकिटावर जाऊन राहिला. मग खिडकीबाहेर बघत म्हणाल्या, "हे तो लावायचा. जन्मात त्यानं स्वयंपाकघरात तेवढं एकच काम केलं. ओळीनं, अगदी मोजून. एखादा वाकडा बसला तर पुन्हा पहिल्यापासून."

आईला इंग्रजी येत नाही. तिनं मला विचारलंही नाही, बाई काय म्हणाल्या ते. तिला पाकिटावरचा हात दिसला होता.

"अरे," ती म्हणाली, "तिचं तिला घालू दे. अर्ध्यावर घाल. अर्धं माझं."

आता हे काम माझ्या खात्यातलं होतं. उकडलेली रताळी तूप, साखर, वेलदोडे, जायफळ आणि सैंधव घालून घोटली, ताटलीत थापली आणि बरोबर मधोमध फॉइलची घडी घालून भिंत उभी केली. आईच्या बाजूला पेकन. बाईंच्या बाजूला मार्शमेलो, तेही मीच लावले, ओळीनं आणि मोजून. २४ झाले. एक वाकडा बसला तेव्हा बाईंनी नुसतं बोट दाखवलं, आणि मी पहिल्यापासून सुरुवात केली.

कार्डाप्रमाणे ३५० अंशांवर अर्धा तास, त्यात मार्शमेलो शेवटची दहा मिनिटं. ते ३५० फॅरनहाइट, म्हणजे आपले १७७, हे मी वेळेवर ताडलं. न ताडलेली गोष्ट एकच: मार्शमेलो तापला की फुगतो. कुठल्याही ताळेबंदात न बसण्याइतका फुगतो. काचेतून पाहतो तो बाईंची बाजू टम्म फुगून माझ्या भिंतीवरून ओणवलेली, आणि एक पांढरा ओघळ सरहद्द ओलांडून आईच्या पेकनपर्यंत आलेला!

ती ताटली ताईच्या टेबलावर गेली तेव्हा माझी अवस्था रोकड कमी भरलेल्या कॅशियरसारखी होती. बाई आल्या होत्या. टर्की टेबलाच्या त्या टोकाला, आई या टोकाला. ताईनं ओघळ पाहिला आणि ती माझ्याकडे बघून डोळे मोठे करू लागली. आईनंही तो पाहिला. तिनं चमचा घेतला, लांबच्या कोपऱ्यातलं, ओघळापासून वीतभर दूरचं रताळं पानात घेतलं, डोळे मिटून हात जोडले आणि खाल्लं.

मग दुसऱ्यांदा घेतलं. आणि मग माझ्या दिशेनं पान सरकवून म्हणाली, "वाढ रे थोडं अजून."

ताई पाणी आणायला म्हणून आत गेली, ती बराच वेळ आलीच नाही.

बाईंनी आधी आपल्या बाजूचं खाल्लं, मग आईच्या बाजूचं. विचारलं, हा वास कसला? आईनं पुडीतले वेलदोडे त्यांच्या डाव्या हातावर ठेवले आणि मला म्हणाली, "लिहून दे तिला." त्या पिवळ्या कार्डावर सासूबाईंच्या अक्षराखाली मी इंग्रजीत लिहिलं: 'वेलदोडे, ४.' असल्या दस्तऐवजात नवी नोंद करताना शेजारी सही लागते. ती आईनं केली, मराठीत.

२०२४ साली कार्तिकी एकादशी आली १२ नोव्हेंबरला आणि थँक्सगिव्हिंग २८ तारखेला. आईनं कालनिर्णय पाहून विचारलं, "मग मधले सोळा दिवस ती थांबते की मी?" एकादशीला तिनं पुण्यात तूपगुळातल्या रताळ्याच्या फोडी केल्या आणि मला सांगून ताईला फोटो पाठवला, "पलीकडे दाखव" म्हणून. सोळा दिवसांनी उलट टपाली फोटो आला. ताटलीत मधोमध फॉइलची भिंत, एका बाजूला मार्शमेलोंच्या ओळी, दुसरी बाजू नुसती, वर वेलदोड्याची पूड. त्या घरात उपास करणारं कुणीही नव्हतं.

खात्यात दोन वर्षं व्यवहार झाला नाही, की आमच्याकडे ते निष्क्रिय ठरवतात. हे खातं आता दोन सर्व्हायव्हर मिळून चालवतात, आणि वर्षाला एक नोंद न चुकता पडते. तेव्हा ती भीती नाही.