उद्यमनगरातले पाहुणे

कोल्हापूरच्या शिवाजी उद्यमनगरात ऑइल इंजिनं घडली, दुरुस्त झाली आणि उसाच्या गुऱ्हाळांवर, नदीकाठच्या पाणीउपशावर चालली. त्यांच्याबरोबर आलेले काही इंग्रजी शब्द आता जुन्या मिस्त्रींच्याच तोंडी उरलेत. त्यांची ही यादी.

कपोला. पुस्तकात क्यूपोला. कोक, बीड आणि चुनखडीचे थर देत लोखंड वितळवायची उभी भट्टी. शिरोली, गोकुळ शिरगावच्या फाउंड्र्यांत इंडक्शन फर्नेस आल्या आणि कपोला मागे पडला.

ट्वियर. मूळ फ्रेंच, स्पेलिंग वाचणारा हमखास टुयेरे म्हणणार. कपोल्यात वारा सोडणारं तोंड. भट्टी विझली की यालाही काम नाही.

गजन पिन. पिस्टन आणि कनेक्टिंग रॉड जोडणारी. अमेरिकी पुस्तकांत हीच रिस्ट पिन, नव्या कॅटलॉगात पिस्टन पिन. वस्तू जागेवर आहे, नाव निघालं.

बाबीट. आयझॅक बॅबिट या अमेरिकी कारागिराचा १८३९ चा मिश्रधातू: कथील, अँटिमनी, तांबं. वितळवून बेरिंगमध्ये ओतायचा, शाफ्टला निळा रंग लावून फिरवायचा, रंग उमटेल तिथं स्क्रेपरनं खरवडायचं. पुन्हा रंग, पुन्हा खरवडणं. आता शेल बेरिंग खोक्यातून तयार निघतं.

विटवर्थ. सर जोसेफ व्हिटवर्थ, इंग्लंड, १८४१. आट्यांचा कोन त्यांनी ५५ अंश ठरवला, मेट्रिकचा ६०. जुन्या इंजिनाच्या बोल्टला नवा नट धड बसत नाही. नळाच्या आट्यांत मात्र ते ५५ अंश अजून टिकून आहेत.

लिस्टर, रस्टन, पीटर. पहिला डर्स्लीचा, दुसरा लिंकनचा, तिसरा येओव्हिलचा. त्याचं खरं नाव पेटर. तिकडे ही कारखानदारांची आडनावं, इकडे इंजिनाच्या जाती. विजेची मोटर आली आणि तिन्ही भंगारात गेली.

बॉल पीन. हातोडीच्या मागच्या गोल तोंडाला इंग्रजीत पीन म्हणतात. दुकानात मागताना बॉल पिन. टाचणीशी संबंध नाही. रिव्हेटचं डोकं या हातोडीनंच बसायचं. वेल्डिंगनं रिव्हेट घालवले, हातोडी राहिली.

व्हर्नियर. पिएर व्हर्निए, फ्रेंच, १६३१. माप घेताना कोणती रेघ कोणत्या रेघेशी जुळते ते डोळ्यानं ठरवायचं. डिजिटल कॅलिपरवर आकडाच येतो. रेघ वाचायची सवय मोडत चालली.

यांचे अर्थ शब्दकोशात मिळतील. उद्यमनगरातला उच्चार तिथं मिळणार नाही. घरात, ओळखीत जुने मिस्त्री असतील तर त्यांना विचारून असे शब्द लिहून घ्या. ते म्हणतील तसेच लिहा, शुद्ध करू नका.