मध्ये हात घालू नका!

पालीकरांनो, परवा माशाच्या काट्यांवरून आमच्या दोन कुत्र्यांची पडवीत जुंपली. सोडवायला गेलो, तर माझाच मोत्या मला कडकडून चावला. चूक त्याची नाही, माझी. भांडणात त्याला धनी ओळखू येत नाही. लांबून बादलीभर पाणी मारायचं, नाहीतर मध्ये फळी सरकवायची. त्याहून बरं म्हणजे दोघांना वेगवेगळ्या जागी खायला घालायचं.

चावलाच तर जखम साबणाने वाहत्या पाण्याखाली १५ मिनिटं धुवा, हळद-चुना नको. 'घरचाच कुत्रा' म्हणून घरी बसू नका, लगेच सरकारी दवाखाना गाठा. रेबीजची लक्षणं दिसल्यावर उपाय नाही.

मोत्याला मी लस टोचलीच नव्हती. त्या रात्री डोळ्याला डोळा लागला नाही. आपली कुत्री वाडीभर हिंडतात, पोरं त्यांच्याशी खेळतात. दरवर्षी टोचून घ्या.