मालेगावचा उडता माणूस

धानाची कापणी आटोपली की आमच्या चंद्रपूर-गडचिरोली भागात झाडीपट्टीच्या नाटकांना रंग चढतो. वडशाच्या मंडळ्या गावोगावी जातात आणि माणसे रात्र जागून काढतात. काही वर्षांपूर्वी अशाच एका हिवाळ्यात धर्मग्रामातील चार युवक आमच्याकडे आले. परग्रहावरून आलेल्या माणसाचा चित्रपट त्यांना मोबाइलवर काढायचा होता. गाठीला पैसा नाही, साधने नाहीत. हा पोरखेळ सोडा, असे आम्ही त्यांना सुनावले.

पुढे फैझा अहमद खान यांचा २००८ सालचा 'सुपरमेन ऑफ मालेगाव' हा माहितीपट आमच्या पाहण्यात आला. यंत्रमागांचे मालेगाव आम्हांस ठाऊक होते ते २००६ व २००८ च्या स्फोटांच्या बातम्यांतून. तेथील शेख नासिर यांनी 'मालेगाव का सुपरमॅन' कसा घडविला, त्याची ही हकिकत. नायक शफीक हे यंत्रमागावर राबणारे, काडीसारख्या अंगाचे गृहस्थ. हिरव्या कापडापुढे माणूस टिपून त्यामागे आकाश जोडायचे, म्हणून कापड चक्क मालमोटारीच्या अंगाला बांधले. कॅमेरा पाण्यात पडला; काम थांबले. मध्येच नायकाचे लग्न निघाले, पुन्हा खोळंबा. तरीही चित्रपट पुरा झाला. आम्ही पोट धरून हसलो.

शफीक २०११ साली मुखाच्या कर्करोगाने गेले, हे मागाहून कळले आणि आमचे हसू मावळले. तो रोग आमच्या भागाला अपरिचित नाही. येथे घरोघरी खर्रा चघळला जातो; गडचिरोलीत त्याविरुद्ध २०१६ साली 'मुक्तिपथ' अभियान सुरू करावे लागले. आम्हीही प्रवचनातून खर्र्यावर बोलतो. युवक माना डोलावतात आणि मंदिराबाहेर पडताच पुडी सोडतात. रिकाम्या हाताला पुडी लवकर सापडते, हे का आम्हांस ठाऊक नव्हते? मग जे हात काही घडवू म्हणत होते, त्यांना आम्ही रिकामे का लावून दिले? पाच भाकरी आणि दोन मासे घेऊन आलेल्या मुलाला प्रभूने परत पाठविले नव्हते. एवढ्याने काय होणार, ही शंका शिष्याची होती.

त्या चौघांपैकी दोघे पोटासाठी परमुलखात गेले आहेत. उरलेल्या दोघांना आम्ही गेल्या रविवारी मिस्सानंतर बोलावले. सणाच्या मंडपाचे हिरवे कापड कपाटात पडून आहे, ते न्या, असे सांगितले. एकाच्या गालात खर्रा होता.

"आधी तो थुंकून ये," आम्ही म्हणालो.

तो गेला, चूळ भरून आला आणि कापडाचे दुसरे टोक त्याने धरले.