कालियामर्दनांतील मंदाकिनी

दादासाहेब फाळक्यांचें नांव आज शाळेंतील मुलांनाही ठाऊक असतें; पण त्यांच्या १९१९ सालच्या 'कालिया मर्दन' चित्रपटांत कृष्णाचें काम कोणीं केलें, असें विचारल्यास चांगले जाणतेही गप्प बसतात. तें केलें त्यांची कन्या मंदाकिनी हिनें. वय अवघें सात वर्षांचें.

त्या काळीं ही गोष्ट साधी नव्हती. १९१३ मध्यें 'राजा हरिश्चंद्र' निघाला तेव्हां तारामतीसाठीं एकही स्त्री मिळेना. अखेर हॉटेलांत काम करणाऱ्या अण्णा साळुंके या तरुणास लुगडें नेसवावें लागलें. त्याच वर्षीं 'मोहिनी भस्मासुर' मध्यें दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमला पडद्यावर आल्या खऱ्या, पण त्या नाटकमंडळींतून आलेल्या. फाळके तर त्र्यंबकेश्वरच्या संस्कृत पंडिताचे चिरंजीव! पुत्र भालचंद्र यास त्यांनीं रोहिदास केलेंच होतें. आतां मुलीलाही उभी केली. दुसऱ्यांच्या लेकीसुना मागत न हिंडतां स्वतःची लेक पुढें करणारे हे गृहस्थ मला त्यांच्या साऱ्या यंत्रविद्येहून मोठे वाटतात.

गेल्या गोकुळाष्टमीस, आमच्या नागपुरांत मातीचा कान्होबा बसतो त्या दिवशीं, नातवानें हा चित्रपट मला संगणकावर लावून दिला. मूकपट असल्यामुळें माझ्या मंद कानांची अडचण नव्हती. आरंभीं कथा नाहींच. मंदाकिनी नुसत्या मुद्रेनें एकामागून एक भाव दाखविते, आणि मग पाहतां पाहतां त्याच चेहऱ्याचा कृष्ण होतो. भाव आणि अनुभाव यांतील भेद मुलांस समजावितांना माझे खडू झिजले. ही पोर तो क्षणांत दाखविते.

पुढें कृष्ण यमुनेंत पडतो. पाण्याखालीं सर्पाशीं झुंज आणि तीरावर व्याकुळ गोकुळ, अशीं दृश्यें आळीपाळीनें येतात. सर्प आज खेळण्यांतला वाटतो; आमची धाकटी नात हंसलीही. पण तो मुलगा नसून मुलगी आहे हें कळतांच ती सरसावून बसली. तिचें वयही सातच.

"मग ती मोठेपणीं काय झाली, आजोबा?"

'श्रीकृष्ण जन्म' (१९१८) मध्येंही मंदाकिनी कृष्ण झाली होती. 'कालिया मर्दन' नंतर लौकरच दादासाहेब भागीदारांशीं न पटल्यामुळें हिंदुस्थान फिल्म कंपनी सोडून काशीस गेले, आणि लेकीची कारकीर्द बालपणाबरोबरच सरली. फाळक्यांवर ग्रंथ झाले, १९६९ पासून त्यांच्या नांवें शासनाचा पुरस्कार दिला जातो. मंदाकिनीच्या वाट्यास एखादी ओळ येते. आपल्या घरांतूनही 'हौस झाली, आतां पुरे' म्हणून किती मुलींचीं गाणीं थांबलीं! माझ्या थोरल्या बहिणीची सतार माळ्यावर चढली ती खालीं आलीच नाहीं. मंदाकिनीचें तसेंच झालें असें मी म्हणत नाहीं. परंतु नातीला उत्तर देतांना मला ती सतारच आठवत होती.

फाळक्यांचे बहुतेक चित्रपट नष्ट झाले. हा मात्र बराचसा शिल्लक आहे. नातीनें आरंभींचा तो मुद्रांचा भाग तीनदां लावून घेतला.